निबंधातले गाव

दरवर्षी पहिल्या सत्रात मी नववीला 'माझे गाव' हा निबंध देते. विषय फार जुना आहे; आमच्या बाईंनी तो आम्हाला दिला होता आणि त्यांच्या मास्तरांनी त्यांना दिला असणार. आपल्या शाळेतील बहुतेक मुलांचा जन्म हैदराबादचा, पुष्कळांच्या आईवडिलांचाही येथलाच. तरीही 'गाव कोणते?' असे विचारले तर एकही मूल काचीगुडा किंवा हिमायतनगर म्हणत नाही. उदगीर, देगलूर, परभणी, अंबाजोगाई, तुळजापूर अशीच उत्तरे येतात. तीन-तीन पिढ्या मुसीकाठी गेल्या, पण गावाचे नाव निघाले की बोट मराठवाड्याकडेच. मला याचे कौतुक वाटते.

वह्या तपासायला घेतल्या की मात्र गंमत सुरू होते. वह्या एकेचाळीस, पण गाव एकच. प्रत्येक गावाशेजारून एक नदी खळखळ वाहते. पहाटे कोंबडा आरवतो, बैलांच्या गळ्यातल्या घुंगरांचा आवाज येतो, वडाच्या पारावर वडीलधारी मंडळी बसलेली असतात, आजी चुलीवर भाकरी थापते आणि सर्व लोक गुण्यागोविंदाने राहतात. आता मराठवाड्यात बाराही महिने खळखळणारी नदी आणायची कोठून? गोदावरीसुद्धा उन्हाळ्यात ठिकठिकाणी कोरडी दिसते. पण निबंधमालेतल्या नदीला कधी पाणी कमी पडत नाही.

यंदा एका वहीत वेगळे गाव सापडले. तो मुलगा सहा वर्षांपूर्वी मुखेड तालुक्यातून आला. वडील इमारतींच्या कामावर सेंट्रिंग करतात. त्याचा निबंध जेमतेम सात ओळींचा होता. आमच्या गावी पाणी कमी आहे, बाबांना काम नव्हते म्हणून आम्ही येथे आलो, आजी गावीच आहे, तिला रोज फोन करतो, तेथे रेंज नसते म्हणून ती देवळाच्या ओट्यावर येऊन बोलते, आमचा एक बैल विकला, दुसरा काकांकडे आहे. बस्स. त्याची परवानगी घेऊन मी तो वर्गात वाचला. वर्ग शांत झाला. मग पहिल्या बाकावरची एक हुशार मुलगी म्हणाली, "पण बाई, ह्यात गावाचं वर्णन कुठं आहे?"

तिचा प्रश्न चेष्टेचा नव्हता. तिला खरोखरच त्यात गाव दिसले नव्हते. कारण तिच्या, माझ्या, आणि खरे सांगायचे तर हे पत्रक वाचणाऱ्या बहुतेकांच्या मनात जे गाव आहे, ते गाव सोडून आलेल्यांनी रंगवलेले आहे. तेथे राहिलेल्यांना कोणी ब्रश दिला नाही.

आपण येथे कसे आलो हे मुलांना ठाऊक असावे म्हणून थोडे सांगते. मराठवाड्याचे पाच जिल्हे निजामाच्या राज्यात होते आणि हैदराबाद ही त्या राज्याची राजधानी. कारभार उर्दूत. कोर्टकचेरीचे काम असो, नोकरी असो की कॉलेज, वाट हैदराबादकडेच यायची. १९०७ मध्ये येथे विवेकवर्धिनी सुरू झाली, १९१८ मध्ये उर्दू माध्यमाचे उस्मानिया विद्यापीठ निघाले. ज्याला शिकायचे होते त्याला गाव सोडणे भाग होते. १९४७-४८ मध्ये रझाकारांच्या भीतीनेही अनेक कुटुंबांनी गावे सोडली. १७ सप्टेंबर १९४८ ला राज्य मुक्त झाले आणि १ नोव्हेंबर १९५६ ला मराठवाडा मुंबई राज्यात गेला. आपण मात्र येथेच राहिलो. त्यामुळे आपल्यातल्या बऱ्याच घरांच्या बाबतीत 'गाव' नुसते मागे राहिले नाही, ते दुसऱ्या राज्यात गेले. दूर गेलेले माणूस जसे आठवणीत गुणी होत जाते, तसेच या गावाचे झाले असावे.

माझे आजोबा उदगीर तालुक्यातले. ते तेरा-चौदा वर्षांचे असताना शिकायला हैदराबादला आले आणि नंतर येथेच सरकारी कचेरीत चिकटले. त्यांच्या तोंडी गावाचे नाव निघाले की आमच्या दोन खोल्यांच्या बिऱ्हाडात आंब्याची झाडे उगवायची. गोटी आंबा, शेपू आंबा, कोणता माचात कधी पिकतो, विहिरीचे पाणी कसे गोड, माळवदाच्या घरात वैशाखातही पांघरूण कसे लागते. आम्ही भावंडे ते ऐकत झोपी जात असू. पण हे सगळे इतके चांगले होते तर आजोबा तेथून निघालेच का, हे विचारण्याचे वय होईपर्यंत ते थकले होते. तरी एकदा मी विचारले. ते म्हणाले, "पटकीत बहीण गेली. वैद्य येईपर्यंत दोन दिवस लागले. बाप म्हणाला, तू तरी जा." आणि पुन्हा आंब्यांकडे वळले.

आणखी एक गोष्ट त्यांनी फार उशिरा सांगितली. त्या गोड पाण्याच्या आडावर सर्वांना पाणी शेंदता येत नसे. काही बाया घागरी घेऊन दूर उभ्या राहत आणि कोणी वरून पाणी ओतेपर्यंत वाट पाहत. त्यांच्यासाठी ते पाणी गोड होते की नाही, हे आजोबांनी सांगितले नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकर ४ नोव्हेंबर १९४८ ला घटना समितीत खेड्याविषयी इतके कठोर का बोलले, खेडे हे संकुचितपणाचे आणि अज्ञानाचे घर आहे अशा आशयाचे शब्द त्यांनी का वापरले, हे शिकवताना मला पुस्तकाची गरज पडत नाही. आजोबांचा आड पुरतो. गांधीजींनी खेड्याकडे चला म्हटले, बाबासाहेबांनी आपल्या माणसांना शहराची वाट दाखवली. दोघांच्या डोळ्यांसमोर एकच खेडे होते, फक्त एक पारावरून पाहत होता आणि दुसरा वेशीबाहेरून.

आपल्या साहित्याने गावाला नेहमी गोडच केले असेही नाही. महात्मा फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड' १८८३ मध्ये लिहिला. व्यंकटेश माडगूळकरांच्या 'बनगरवाडी'त शेवटी दुष्काळ येतो आणि गाव उठते. आपल्या मराठवाड्याच्या रा. रं. बोराडे यांची 'पाचोळा' १९७१ ची. त्यातल्या गावात गरीब शिंप्याचे घर कसे विस्कटते ते वाचले की पारावरच्या वडीलधाऱ्यांविषयी दोनदा विचार करावा लागतो. ना. धों. महानोरांनी रानाच्या कविता लिहिल्या, पण ते स्वतः पळसखेडला शेती करत होते आणि पाणी अडवण्यासाठी धडपडत होते. पुस्तके कपाटात आहेत. मुले मात्र गाव उचलतात ते निबंधमालेतून.

आणि आता आमच्या शहरात तयार गावही मिळते. माधापूरचे शिल्पारामम १९९२ पासून आहे. तेथे ग्रामीण संग्रहालय आहे, गवताने शाकारलेल्या झोपड्या, चाकावर बसलेला कुंभार, मागावरचा विणकर, सगळे मातीचे आणि स्वच्छ. आपली सहल तेथे गेली होती तेव्हा पाचवीतल्या एका मुलाने मला विचारले, "बाई, इथले लोक कुठे गेले?" मी आजूबाजूला पाहिले. चहूकडे हायटेक सिटीच्या काचेच्या इमारती. माधापूर हे एके काळी खरेच खेडे होते. तेथून थोड्याच अंतरावर कोकापेटला ऑगस्ट २०२३ च्या लिलावात जमिनीला एकरी शंभर कोटींहून अधिक भाव आला. खरे गाव इतके महाग झाले की त्याची मातीची नक्कल करून तिकीट लावावे लागले. पुण्या-मुंबईकडे हुरडा पार्ट्या निघाल्या आहेत, त्याही याच जातीच्या. शेतकऱ्याला चार पैसे मिळत असतील तर माझी तक्रार नाही. फक्त हुरडा भाजणाऱ्याला धोतर-फेटा घालून उभे करतात आणि संध्याकाळी तो जीन्स घालून मोटारसायकलवर घरी जातो, ते पाहून मला हसू येते.

आता माझ्याच घरची गोष्ट. गावी आमचे पणजोबांनी बांधलेले माळवदाचे घर होते. आजोबांचे धाकटे भाऊ गावी राहिले, त्यांचा नातू, म्हणजे माझा चुलतभाऊ दादा, तेथे राहतो आणि सहा एकर कसतो. तीन वर्षांपूर्वी त्याने जुने घर पाडून सिमेंटचे बांधायचे ठरवले. ग्रामपंचायतीच्या नमुना आठवर अजून दोन्ही आजोबांची नावे होती, म्हणून कर्जासाठी सर्वांचे संमतीपत्र हवे होते. मुली म्हणून माझी आणि माझ्या चुलत बहिणीचीही सही लागणार होती. संमतीपत्राचा मसुदा हैदराबादला आला आणि आमच्याकडे वादळ उठले.

माझा थोरला भाऊ अमेरिकेत असतो. त्याने फोनवरून सांगितले की असे घर आता पैसे देऊनही मिळणार नाही, सागवानी खांब आहेत, दोन हात रुंद भिंती आहेत, ते जपले पाहिजे. धाकट्याने त्यावर पर्यटकांना राहायला देण्याची योजना मांडली. पुण्याच्या चुलत बहिणीला तुळशीवृंदावन हलवणे पसंत नव्हते. आमच्या कौटुंबिक गटावर त्या घराचे इतके फोटो आले की मलाही भरून आले. यांतले कोणीही त्या घरात सलग आठ दिवस राहिले नव्हते. मीसुद्धा नाही.

मी गावी गेले तेव्हा वहिनी चहा गाळत म्हणाली, "आक्का, तुम्ही समदे येळवशीला येता. एकदा मिरगात या. रात्री उठून कुठं कुठं भांडी ठेवायची ते मी दाखवते." माळवद म्हणजे लाकडाच्या सरांवर जाडजूड मातीचा थर. तो दर पावसाळ्याआधी नव्या मातीने बुजवावा लागतो, चोपावा लागतो. पूर्वी घरात आठ-दहा माणसे होती, आता दादा आणि वहिनी दोघेच. कोपऱ्यात विंचू निघतात. शौचालय अंगणाच्या टोकाला, आणि वहिनीचे गुडघे दुखतात. दुखत्या गुडघ्यांनी रात्री पावसात तेथवर जाणे काय असते, हे फोटोत येत नाही.

आणि किल्लारी. ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट, गणपती बोळवून लोक झोपले होते. चार वाजायच्या सुमारास भूकंप झाला आणि लातूर-उस्मानाबादकडे सुमारे आठ हजार माणसे गेली. त्यांना मारले ते मुख्यतः याच घरांनी. दगड आणि माती यांच्या त्या रुंद भिंती, वर तो गार ठेवणारा मातीचा थर. हादरा बसताच भिंती फुटल्या आणि छताचे ओझे झोपलेल्या माणसांवर आले. आजोबा ज्या थंडाव्याचे वर्णन करीत होते तो थंडावा त्याच ओझ्याचा होता. नंतर बावन्न गावे पुरती नव्या जागी बसवली गेली, रुंद रस्ते, ओळीत घरे. जुन्या गल्ल्या गेल्या, शेजार तुटला अशी तक्रार तेथले लोक अजून करतात, आणि ती खोटी नाही. पण मातीच्या छताखाली पुन्हा झोपायला कोणी तयार झाले नाही. आमचे गाव किल्लारीपासून बरेच दूर, तरीही माझ्या चुलतीने त्यानंतर मरेपर्यंत माजघरात अंथरूण घातले नाही. पावसाळ्यातही ती पत्र्याच्या पडवीत झोपायची.

हे मी भावांना सांगितले. थोरला बराच वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "पण बाहेरून तरी तसंच दिसेल असं काही करता येणार नाही का?"

असो. शेतीकडे येते, कारण निबंधात ती फक्त 'हिरवीगार' असते.

आमच्या भागाचे खरे देखणे रूप पाहायचे तर वेळा अमावस्येला जावे. मार्गशीर्षातली ही अमावस्या, साधारण डिसेंबर-जानेवारीत येते. लातूर-धाराशिवकडे आणि लगतच्या कर्नाटकात ती पाळतात. नावही कानडीकडून आलेले, आमच्याकडे त्याची येळवस झाली. त्या दिवशी गाव आणि शहर रिकामे होते, लातूरच्या बाजारपेठेत माणूस दिसत नाही, सगळे वावरात. कडब्याची कोप उभारतात, आत पांडव म्हणून पाच दगड मांडून पुजतात. तुरीचे, वालाचे, हरभऱ्याचे ओले दाणे आणि पालेभाज्या बेसनात शिजवून केलेली भज्जी, बाजरीचे उंडे, गव्हाची खीर, आणि मडक्यातले गार आंबील. बांधावरून अनोळखी माणूस गेला तरी हाक मारून जेवायला बसवतात. हे मी स्वतः पाहिले आहे, निबंधातून उचललेले नाही.

पण कोपीला कडबा लागतो, आणि कडबा ज्वारीचा. दादाच्या रानात आता ज्वारी नाही. सोयाबीन, आणि ते निघाले की हरभरा. मागच्या येळवशीला त्याने पाच पेंढ्या दुसऱ्याकडून मागून आणल्या. शेजारच्या रानात तर लोकांनी जुन्या साड्या आणि ताडपत्री बांधून पांडव बसवले होते. मी हळहळले तेव्हा दादाने हिशेब सांगितला. ज्वारीला पाखरे राखावी लागतात, काढणी हाताने, मजूर मिळत नाही, मिळाला तर परवडत नाही. सोयाबीन गुत्ते देऊन कापता येते, मळणीयंत्र दारात येते, आणि लातूरला तेलाच्या गिरण्या असल्याने विकायची चिंता नाही. चिंता भावाची. २०२४-२५ मध्ये हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता. दादाचा माल ४,१०० ने गेला, कारण देणेकरी थांबायला तयार नव्हता. एकरी सात क्विंटल झाले. बी, खत, फवारणी, गुत्ते, मळणी सगळे वजा जाता एकरी आठ-नऊ हजार उरले. त्यात नवरा-बायकोची चार महिन्यांची मजुरी धरलेली नाही. मुलांनी हा गुणाकार सहा एकरांसाठी करून पाहावा आणि मग आपल्या ट्यूशनच्या वर्षाच्या फीशी ताडून पाहावा.

बैलही तसेच. देवणी हे जगभर नाव असलेले गोवंश आमच्याच भागातले, काळे-पांढरे, रेखीव. दादाकडे एक जोडी होती. वर्षातून चाळीस-पन्नास दिवस काम आणि वर्षभर वैरण, त्यात कडबा विकत. जोडी गेली, भाड्याचा ट्रॅक्टर आला. पोळ्याला आता घरात मातीचे बैल पुजतात. वहिनीला वाईट वाटते, पण शेण काढायला पहाटे उठावे लागत नाही याचे नाही वाटत. दोन्ही गोष्टी ती एकाच वाक्यात सांगते आणि तिला त्यात विसंगती दिसत नाही. मलाही दिसत नाही.

पाण्याचे काय सांगावे? मांजरा धरण आटले तेव्हा एप्रिल २०१६ मध्ये लातूर शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. पहिली गाडी दहा वाघिणींची, पाच लाख लिटरची. आणि सप्टेंबर २०२५ मध्ये त्याच मराठवाड्यात एवढा पाऊस कोसळला की उभी पिके वाहून गेली आणि ठिकठिकाणी वरची माती खरडून निघाली. एकाच माणसाने दहा वर्षांत दोन्ही पाहिले. त्याला 'बळीराजा' म्हणून हार घालायला आपण तयार असतो. दादाला तो शब्द आवडत नाही. "राजा म्हणलं की काही द्यावं लागत नाही," असे तो म्हणतो.

सर्वांत अवघड गोष्ट मात्र पिकाची नाही, लग्नाची आहे. दादाचा मुलगा कृषी पदवीधर आहे, एकतीस वर्षांचा, निर्व्यसनी, देखणा. त्याला मुलगी मिळत नव्हती. आपल्या समाजाच्या वधू-वर मेळाव्यांना मी स्वयंसेवक म्हणून जाते. तेथे मुलीकडचे लोक पहिल्यांदा विचारतात, गावी शेती आहे का? असली तर चेहरा खुलतो. मग विचारतात, मुलगा शेती करतो का? करत असला तर कागद परत. शेती हवी, शेतकरी नको, ही मराठी मुलुखातली सध्याची सर्वांत पाठ झालेली म्हण असावी. डिसेंबर २०२२ मध्ये सोलापुरात अविवाहित तरुणांनी मुंडावळ्या बांधून, घोड्यावर बसून कलेक्टर कचेरीवर मोर्चा काढला. वर्तमानपत्रांनी ते गमतीने छापले. ज्या घरात तसा मुलगा आहे तेथे कोणी हसले नाही. मुलींनाही दोष देता येत नाही. तिने आपल्या आईला घागरी वाहताना पाहिले आहे, आणि तिला ते नको आहे. गावाच्या साधेपणावर सुंदर भाषणे करणारे मी पुष्कळ ऐकले. त्यांतल्या एकानेही आपली मुलगी उदगीर तालुक्यात दिल्याचे मला माहीत नाही.

त्या सात ओळींच्या निबंधानंतर मी वर्गाला नवा अभ्यास दिला. गावी जो कोणी नातेवाईक आज राहतो त्याला फोन करायचा आणि एकच विचारायचे, तुम्हाला काय हवे आहे? उत्तर जसेच्या तसे लिहायचे. ज्यांचे गावी कोणी उरले नव्हते अशा नऊ मुलांनी तसे प्रामाणिकपणे लिहिले. बाकीच्यांची उत्तरे मी जपून ठेवली आहेत. देगलूरकडच्या एका मावशीला शेतपंपाची वीज रात्रीऐवजी दिवसा हवी होती, कारण नवरा रात्री पाणी द्यायला जातो तेव्हा तिला सापाची भीती वाटते. परभणीजवळच्या एका आजोबांना संध्याकाळी पाचची बस हवी होती, नातीची शाळा सुटते तेव्हाची. एकाला शाळेत गणिताचा मास्तर हवा होता. एका मामाने सांगितले, "कारखाना हवा, पण वास न येणारा." आणि एका आजीने तीन वेळा विचारल्यावरही काही मागितले नाही, फक्त तुम्ही जेवलात का म्हणून विचारले. नदी कोणीच मागितली नाही. पार मात्र दोघांनी मागितला. रस्ता रुंद करताना तो गेला होता.

आमच्या घराच्या सह्या शेवटी झाल्या. मी पहिली केली. वकिलाने विचारले, हक्कसोड की नुसती संमती? मी संमती दिली, कारण नाव काढले की सुट्टीला जायचे निमित्तही जाते आणि वहिनीनेच तसे सुचवले होते. थोरल्या भावाची सही अमेरिकेतून यायला चार महिने लागले. तोवर एक पावसाळा गेला आणि वहिनीने आणखी एकदा भांडी मांडली. घर पाडले तेव्हा सागवानी खांब तिघांनी वाटून घेतले. धाकट्याने आपला खांब कुकटपल्लीच्या फ्लॅटमध्ये दिवाणखान्याच्या कोपऱ्यात उभा केला आहे, त्यावर काहीही टेकलेले नाही. माझ्या वाट्याला जाते आले. ते लिफ्टमधून आणताना वॉचमनने दोनदा विचारले की आत काय आहे. वहिनीने ते देताना जराही मागेपुढे पाहिले नाही. तिच्या हाताला घट्टे त्यानेच पडले होते.

नवे घर तीन खोल्यांचे, खांब आणि तुळई असलेले, वर गच्ची. शौचालय आत. स्वयंपाकघराच्या ओट्यासमोर वहिनीने खिडकी मागून घेतली, रस्त्याकडे उघडणारी. उन्हाळ्यात ते जुन्यापेक्षा जास्त तापते, हे खरे. दादा दुपारी लिंबाखाली खाट टाकतो. भिंतींना तिने गुलाबी रंग दिला, तो माझ्या भावांना मुळीच आवडला नाही. पुतण्याने उदगीरला ठिबकच्या साहित्याचे छोटे दुकान टाकले आहे, सकाळी शेत आणि दुपारी दुकान. घर आणि दुकान झाल्यावर दोन स्थळे आली. एक फिसकटले, दुसऱ्याची बोलणी चालू आहेत. मुलगी स्वतः येऊन खिडकी, मोरी आणि पाण्याची टाकी पाहून गेली.

काल वहिनीचा फोन होता. येळवशीला नेहमीसारखे अमावस्येच्या सकाळी येऊ नका, दोन दिवस आधी या म्हणाली. दाणे सोलायला आणि भाज्या निवडायला हात कमी पडतात. येताना उस्मानिया बिस्किटे आणायला सांगितली, आणि पायात बूट, कारण यंदा हरभऱ्यात गुडघाभर चिखल झाला होता आणि बांध अजून नीट वाळलेला नाही.